फेरसामन्याची हकालपट्टी

इंग्लंडांतील फुटबॉल असोसिएशनच्या चषकासंबंधानें आपल्याकडे जें लिहिलें जातें, त्यांत बहुधा दोनच गोष्टींचें कौतुक असतें: स्पर्धेचें वय आणि अंत्य सामन्याचा थाट. वय खरें आहे आणि थाटहि खरा आहे. परंतु ज्या एका नियमामुळें या स्पर्धेस न्यायाची कांहीं प्रतिष्ठा होती, तो नियम तिच्या चालकांनीं आपल्या हातांनीं मोडून टाकला, याबद्दल फारसें कोणी बोलत नाहीं. उलट, काळाबरोबर चाललें पाहिजे, खेळाडू थकतात, प्रेक्षकांना त्याच दिवशीं निकाल हवा असतो, अशीं कारणें मोठ्या समजूतदारपणाचा आव आणून सांगितलीं जातात. हीं कारणें लटकीं आहेत, आणि तीं लटकीं आहेत हें या चषकाच्याच इतिहासावरून दाखवितां येतें, असें आमचें म्हणणें आहे.

तो नियम अगदीं साधा होता. सामना बरोबरीत सुटला, तर तो दुसऱ्या दिवशीं पुन्हा खेळावयाचा; यालाच फेरसामना म्हणावयाचें. १९९९ पासून अंत्य सामन्याचा हा हक्क गेला. १२० मिनिटांत निकाल न लागल्यास प्रत्येक बाजूच्या एकेका खेळाडूनें पुढें यावें, १२ यार्डांवरून पेनल्टी मारावी, आणि ज्यांचे गोल अधिक त्यांना चषक द्यावा, अशी व्यवस्था झाली. मग इतर फेऱ्यांतूनहि फेरसामना गळत गेला, आणि १८ एप्रिल २०२४ रोजीं असोसिएशन व प्रीमियर लीग यांनीं मिळून जाहीर केलें कीं, २०२४-२५ च्या हंगामापासून मुख्य स्पर्धेच्या पहिल्या फेरीपासूनच तो बंद. खालच्या विभागांतील संघांच्या लीगनें आपल्याला कोणी विचारलें नाहीं अशी उघड तक्रार केली. ती ऐकून घेण्यांत आली, म्हणजे ऐकून सोडून देण्यांत आली.

आतां थोडें मागें जाऊं. २० जुलै १८७१ रोजीं चार्ल्स ऑल्कॉक या असोसिएशनच्या चिटणीसानें या चषकाची कल्पना मांडली. हॅरोच्या शाळेंत निरनिराळ्या वसतिगृहांच्या संघांत असे बाद पद्धतीचे सामने होत, त्यांवरून त्याला ती सुचली होती. पहिल्या वर्षीं अवघ्या १५ संघांनीं नांवें दिलीं. १६ मार्च १८७२ रोजीं केनिंग्टन ओव्हलवर सुमारें २,००० प्रेक्षकांसमोर वाँडरर्स संघानें रॉयल एंजिनियर्सचा १-० असा पराभव केला. गोल करणारा मॉर्टन पेटो बेट्स हा टोपण नांवानें खेळत होता. आणि विजयी संघाचा नायक कोण, तर स्वतः ऑल्कॉक! या अंत्य सामन्याचें वर्णन सर्वजण करतात. पण त्याआधींच्या उपांत्य सामन्याकडे आम्ही वाचकांचें लक्ष वेधूं इच्छितों. ग्लासगोचा क्वीन्स पार्क हा संघ लंडनला येऊन वाँडरर्सशीं ०-० असा बरोबरीत सुटला. नियमाप्रमाणें फेरसामना व्हावयाचा. परंतु पुन्हा इतक्या दूरचा प्रवास करण्याइतका पैसा त्या स्कॉटिश मंडळींच्या गांठीं नव्हता. त्यांनीं स्पर्धा सोडली, आणि वाँडरर्स न हरवितांच अंत्य सामन्यांत गेले.

फेरसामन्याचे विरोधक म्हणतील, पाहा, तुमचा लाडका नियम पहिल्याच वर्षीं गरिबाच्या मुळावर आला! आक्षेप ठीक आहे. परंतु क्वीन्स पार्कला बाहेर काढलें तें फेरसामन्यानें कीं आगगाडीच्या भाड्यानें? भाडें नाहीं म्हणून सामनाच नको, हा उपाय म्हणजे औषधाला पैसे नाहींत म्हणून वैद्यालाच गांवाबाहेर घालवून देण्यासारखा आहे. आज असोसिएशनच्या तिजोरींत भाड्यापुरते पैसे नाहींत, असें कोणी शपथेवर सांगेल काय?

पुढें चषक श्रीमंत शाळांच्या माजी विद्यार्थ्यांच्या हातीं खेळत राहिला. १८८३ सालीं मात्र ब्लॅकबर्न ऑलिंपिक या लँकेशायरच्या संघानें ओल्ड इटोनियन्सला २-१ असें हरविलें. विजयी गोल करणारा जिमी कॉस्टली सूतगिरणींत कामाला होता. तोहि सामना ९० मिनिटांत सुटला नाहीं, जादा वेळांत सुटला. दोन वर्षांनीं, १८८५ त, पैसे घेऊन खेळण्यास अधिकृत मान्यता मिळाली, आणि हौशी सद्‍गृहस्थांच्या कोणत्याहि संघाला हा चषक पुन्हा जिंकतां आला नाहीं. जो अधिक वेळ चांगला खेळतो तो जिंकतो, मग त्याचा बाप कोण याची चौकशी नाहीं, हा जो या स्पर्धेचा मोठेपणा म्हणून सांगतात, त्याचा पाया या वेळ देण्यांतच होता.

१९०१ चें उदाहरण तर फारच बोलकें आहे. लंडनच्या क्रिस्टल पॅलेसवर लाखाहून अधिक माणसांसमोर टॉटनहॅम आणि शेफील्ड युनायटेड २-२ असे बरोबरीत राहिले. शेफील्डचा दुसरा गोल पंचानें दिला खरा, पण चेंडू रेषेपलीकडे गेलाच नव्हता असें पुष्कळांचें म्हणणें पडलें. बोल्टनला फेरसामना झाला आणि टॉटनहॅमनें तो ३-१ असा जिंकला. टॉटनहॅम त्या वेळीं फुटबॉल लीगचा सभासदहि नव्हता. लीग स्थापन झाल्यापासून लीगबाहेरच्या संघानें चषक जिंकल्याचें तें एकच उदाहरण आहे, आणि तें फेरसामन्याच्या पोटीं जन्मलें आहे. पंचाची चूक दुरुस्त करण्याचें याहून सभ्य साधन आम्हांला तरी ठाऊक नाहीं. बोल्टनला प्रेक्षक जेमतेम २०,००० जमले, हें आम्ही लपवीत नाहीं. पण न्यायाची किंमत तिकिटांच्या विक्रीवरून ठरवावयाची असेल तर बोलणेंच खुंटलें.

एकूण हिशेब पाहावा. १८७५ पासून १९९३ पर्यंत फेरसामन्यावर गेलेले अंत्य सामने किती? १४. १९१२ च्या बार्न्सलीच्या विजयानंतर १९७० पर्यंत एकहि नाहीं. वेम्बलीवर १९२३ सालीं झालेली ती अफाट गर्दी, पांढऱ्या घोड्यावरचा तो पोलीस, १९२७ सालीं चषक वेल्समध्यें नेणारा कार्डिफ, १९५३ सालीं ३८ वर्षांच्या मॅथ्यूजची ती करामत, या सर्व काळांत ९० किंवा १२० मिनिटें पुरलीं. आणि १९९९ पासून २०२५ पर्यंत पेनल्टींवर गेलेले अंत्य सामने तीन: २००५, २००६ आणि २०२२. म्हणजे सव्वीस-सत्तावीस वर्षांत तीन संध्याकाळी वांचल्या! तीन संध्याकाळींसाठीं ज्यांनीं सव्वाशें वर्षांची रीत मोडली, त्यांना काटकसरी म्हणावें कीं कद्रू?

आणि या तीन संध्याकाळींच्या मोबदल्यांत काय गमावलें? १९८१ सालीं टॉटनहॅम आणि मँचेस्टर सिटी यांचा अंत्य सामना १-१ असा राहिला. टॉमी हचिसननें सिटीचा गोल केला आणि पुढें टॉटनहॅमचाहि त्याच्याच अंगाला लागून झाला. टॉटनहॅमचा अर्जेंटिनी खेळाडू रिकी व्हिला याला सामना चालू असतांनाच बाहेर काढण्यांत आलें. मान खालीं घालून तो निघून गेला. पांच दिवसांनीं फेरसामना झाला. व्हिला पुन्हा संघांत होता. त्यानें दोन गोल केले, आणि त्यांतला दुसरा, सिटीच्या बचावाला वळसे घालीत एकट्यानें केलेला, या चषकाच्या सर्व इतिहासांतील उत्कृष्ट गोलांत गणला जातो. टॉटनहॅम ३-२ असा जिंकला. आजचा नियम त्या दिवशीं असता, तर पेनल्टी मारण्याच्या वेळीं व्हिला मैदानावरहि नसता.

फेरसामना दुबळ्याच्या बाजूनें लागतो म्हणून आम्ही त्याची तरफदारी करीत आहों, असा ग्रह कोणीं करून घेऊं नये. १९८३ सालीं ब्रायटननें मँचेस्टर युनायटेडला २-२ असें रोखलें. अखेरच्या क्षणीं गॉर्डन स्मिथपुढें गोल मोकळा होता आणि तो हुकला. फेरसामन्यांत ब्रायटनचा ४-० असा धुव्वा उडाला. १९९० सालीं क्रिस्टल पॅलेसनें त्याच युनायटेडशीं ३-३ अशी बरोबरी केली आणि पुढें ०-१ असा पराभव पत्करला. पेनल्टी असत्या तर कदाचित् दोघांनींहि चषक नेला असता. पण ते खेळून हरले. २००५ सालीं युनायटेडनें आर्सेनलवर सबंध दिवस वरचष्मा ठेवला, गोल मात्र झाला नाहीं, आणि पॉल स्कोल्सची एक पेनल्टी लेमाननें अडविली एवढ्यावर चषक आर्सेनलला गेला. आर्सेनलच्या चाहत्यांनीं आनंद करावा. पण त्या दिवशीं आपण फुटबॉलमध्यें सरस ठरलों, असें त्यांतला प्रामाणिक माणूस म्हणणार नाहीं.

पेनल्टी मारणें हेंहि कौशल्यच आहे, असें कोणी म्हणेल. आहेच. पण आखाड्यांत दोन मल्ल तासभर झुंजून बरोबरीत सुटले, तर पंच त्यांना जोर काढावयास लावून ज्याचे जोर अधिक त्याला चांदीची गदा देत नाहीं. जोर काढणें मल्लाला आलेंच पाहिजे, पण ती कुस्ती नव्हे.

राहिला थकव्याचा प्रश्न. खेळाडू थकतात हें शंभर टक्के खरें. आम्हांला त्यांची कीव येते. पण त्यांना थकविलें कोणीं? ज्या २०२४-२५ च्या हंगामांत चषकाचा फेरसामना ओझें म्हणून काढून टाकण्यांत आला, त्याच हंगामांत युरोपच्या चँपियन्स लीगनें पहिल्या टप्प्यांत प्रत्येक संघाचे सामने सहावरून आठांवर नेले, आणि तो संपतांच २०२५ च्या उन्हाळ्यांत ३२ संघांची जागतिक क्लब स्पर्धा अमेरिकेंत भरविण्यांत आली. अमेरिकेंत आणि आशियांत उन्हाळी दौरे करतांना हे थकलेले पाय कोणाला दिसत नाहींत. फेरसामना खेळावयाचा झाला कीं मात्र ते दुखूं लागतात.

कारण या दोन गोष्टींत पैसा निरनिराळ्या दिशांना वाहतो. फेरसामन्याच्या उत्पन्नाचा वाटा लहान संघाला मिळतो. जानेवारी २००५ मध्यें एक्झेटर सिटी हा लीगबाहेर फेंकला गेलेला, कर्जांत बुडालेला आणि चाहत्यांनींच चालविलेला संघ मँचेस्टरला जाऊन युनायटेडशीं ०-० असा बरोबरीत राहिला; फेरसामना त्यांच्या घरीं झाला, तो ते ०-२ असा हरले, आणि त्या दोन सामन्यांच्या उत्पन्नानें संघ जगला. हेरफोर्डची गोष्ट तर प्रसिद्धच आहे. १९७२ सालीं या लीगबाहेरच्या संघानें न्यूकॅसलला जाऊन २-२ अशी बरोबरी केली, आणि घरच्या चिखलांत फेरसामना २-१ असा जिंकला. बरोबरी साधणारा रॉनी रॅडफर्ड पेशानें सुतार होता. त्याचा तो दुरून मारलेला गोल इंग्रज लोक अजून पाहतात आणि गहिंवरतात. ज्या मंडळींनीं फेरसामना बंद केला, त्यांच्याच जाहिरातींत तो गोल दाखविला जात असेल, तर त्याला धिटाई म्हणावें लागेल.

१९७१ सालीं अल्व्हचर्च आणि ऑक्सफर्ड सिटी यांचा एकच सामना सहा वेळां मिळून ११ तास चालला, तेंच तुम्हांला पुन्हा हवें काय, असा शेवटचा टोमणा उरतो. नको. एक फेरसामना, आणि त्यानंतरहि बरोबरी राहिली तर हवी ती पेनल्टी, ही १९९१-९२ पासूनची तडजोड होती, आणि तिनें कोणाचें कांहीं बिघडलें नव्हतें. १९९३ सालीं आर्सेनल आणि शेफील्ड वेन्सडे १-१ असे राहिले. फेरसामन्याच्याहि जादा वेळाचें शेवटचें मिनिट चाललें असतां, नाकाचें हाड मोडलेल्या अँडी लिनिघननें डोक्यानें गोल करून २-१ असा निकाल लावला. तो शेवटचा फेरसामना. तेवढीच तडजोड अंत्य सामन्यापुरती आणि तिसऱ्या फेरीपुरती, म्हणजे जेथें मोठे संघ प्रथम लहानांना भेटतात त्या फेरीपुरती, असोसिएशननें परत आणावी, आणि पाहुण्या लहान संघाचें भाडें आपल्या तिजोरींतून द्यावें.