चिन्ह तुम्ही सांगू नका

तिसरी-चौथीतल्या मुलांच्या आईबाबांना आणि आजीआजोबांना एक विनंती आहे. मूल वही घेऊन आलं आणि "यात बेरीज करायची की गुणाकार?" असं विचारू लागलं, की चिन्ह सांगून मोकळे होऊ नका. शाब्दिक उदाहरणात खरं डोकं लागतं ते तिथेच. तेवढं तुम्ही केलंत, तर मुलाच्या वाट्याला नुसता पाढा उरतो.

"'एकूण' आलं की गुणाकार" असल्या खुणाही शिकवू नका. एका पिशवीत ८ पेरू, दुसरीत ५, तर एकूण किती? ही बेरीज. ८ पिशव्यांत प्रत्येकी ५ पेरू, तर एकूण किती? हा गुणाकार. किंवा हे बघा: अजयकडे २४ गोट्या आहेत, त्या विजयच्या गोट्यांच्या तिप्पट आहेत, तर विजयकडे किती? 'तिप्पट' दिसताच मूल ७२ लिहून मोकळं होतं. उत्तर आहे ८.

१९८० च्या सुमारास फ्रान्समध्ये ग्रेनोबलच्या अभ्यासकांनी मुलांना मुद्दाम एक वेडगळ गणित घातलं: जहाजावर २६ मेंढ्या आणि १० बकऱ्या आहेत, तर कप्तानाचं वय किती? बहुतेक मुलांनी त्याच आकड्यांची मोडतोड करून वय काढून दिलं! ती मुलं काही ढ नव्हती. दिसेल त्या आकड्यांचं काहीतरी करायचं, एवढीच सवय त्यांना लागली होती.

म्हणून वही मिटा आणि गणितात काय घडतंय ते मुलाला त्याच्या शब्दांत सांगू द्या. मग विचारा, एका गटात किती? असे सारखे गट किती? समजा, आंब्याच्या ६ पेट्या आहेत, प्रत्येकीत ४ डझन. मुलाला ६ चौकोन काढून प्रत्येकात ४ लिहू द्या. ४ सहा वेळा मिळवायचे, म्हणून ६ × ४, हे त्याला आपोआप दिसेल. एक पेटी ५ डझनांची निघाली तर? हेही जरूर विचारा. ६ × ४ चं उत्तर २४ आलं, की २४ काय, आंबे की डझन? आंबे हवे असतील तर पुन्हा १२ ने गुणायचंय, म्हणजे २८८.

पाढे पाठ हवेतच, त्यात सूट नाही. पण अधूनमधून उलटं करा. ७ × ३ लिहून द्या आणि त्यावर मुलालाच उदाहरण तयार करायला सांगा. "माझ्याकडे ७ चॉकलेटं होती, आईने ३ दिली" असं त्याने लिहिलं, तर रागावू नका. पुन्हा चौकोन काढायला बसवा.