व्याजाचा हिशेब कोर्टाने का पाहू नये?



शहाण्याने कोर्टाची पायरी चढू नये, असे म्हणत आपण वसुलीच्या दाव्याचे समन्स आढ्याला खोचून ठेवतो. अमळनेर असो की शिरपूर, दिवाणी न्यायाधीशासमोर रोज दाव्यांची रांग असते. पुकारा होतो, शेतकरी कपाशीच्या वेचणीत. न्यायाधीशापुढे उरतात ते फक्त सावकाराचे किंवा बँकेचे कागद. हुकूमनामा एकतर्फी होतो.

1875 साली सुप्याला शेतकऱ्यांनी सावकारांच्या वह्या आणि खते पेटवली, त्यामागे असल्या हुकूमनाम्यांचा मोठा वाटा होता. मग 1879 चा दख्खन शेतकरी कायदा आला. सुरुवातीला पुणे, सातारा, नगर, सोलापूर एवढ्याच जिल्ह्यांना. खानदेश नेहमीप्रमाणे बाहेर! त्याच साली महादेव गोविंद रानडे धुळ्याच्या कोर्टात बदलून आले. सरकारला त्यांचा संशय होता, त्यांचे टपाल फोडून पाहिले जाई. पुढे हेच रानडे त्या कायद्याखाली खास न्यायाधीश झाले आणि खालच्या कोर्टांचे काम तपासत फिरले.

कायद्याने न्यायाधीशाला सांगितले होते, की रोख्यावरचा आकडा मुकाट्याने मान्य करू नका. कुळाची जबानी घ्या. मूळ मुद्दल किती, व्याज किती, याचा व्यवहाराच्या पहिल्या दिवसापासून हिशेब काढा. इंग्रजाच्या राज्यात हे होते.

स्वराज्यात काय झाले? 1984 साली बँकिंग नियमन कायद्यात कलम 21-अ घातले: बँकेचे व्याज भारी आहे, एवढ्या कारणावरून कोर्टाने व्यवहार पुन्हा उघडायचा नाही. सावकाराची वही तपासता येते, बँकेची नाही. न्यायाधीशाची इच्छा असली तरी हात बांधलेले. 2018 साली सर्वोच्च न्यायालयाने हे कलम कायम ठेवले. मात्र शेतकऱ्यांच्या कर्जनिवारणासाठी राज्यांनी केलेल्या कायद्यांच्या आड ते येणार नाही, असेही सांगितले. म्हणजे वाट मोकळी आहे. शेतीकर्जाचा हिशेब मुळापासून तपासण्याचा अधिकार दिवाणी न्यायाधीशाला देणारा कायदा महाराष्ट्राने करावा. आमदार मते मागायला आले, की आधी हे विचारा.

तोवर समन्स आले तर तारखेला हजर राहा. खातेउतारा मागा. पोटापुरत्या शेतीला लागणारे बैल, औजारे आणि बियाणे हुकूमनाम्याच्या जप्तीत घेता येत नाही, हे दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम 60 मध्ये लिहिलेले आहे. बेलिफ दारात आला तर त्याला ते कलम दाखवा.