सहकारातील अपील : न्याय की औपचारिकता?

सहकारी संस्थेतील एखाद्या शाखाधिकाऱ्यावर गैरव्यवहाराचा ठपका येतो. आरोपपत्र, खातेनिहाय चौकशी, कारणे दाखवा नोटीस हे सोपस्कार पार पडतात आणि अध्यक्षांच्या स्वाक्षरीने बडतर्फीचा आदेश निघतो. सेवानियमांनुसार तो संचालक मंडळाकडे अपील करतो. त्या सभेच्या अध्यक्षस्थानी पुन्हा तेच अध्यक्ष असतात. एका ओळीच्या ठरावाने अपील फेटाळले जाते. नियमांची पूर्तता झालेली असते. न्याय झाला का, हा प्रश्न मात्र अनुत्तरितच राहतो.

या प्रश्नाचे उत्तर सर्वोच्च न्यायालयाने २००२ मध्येच दिले आहे. ब्रेथवेट अँड कंपनी या सरकारी उपक्रमाच्या अध्यक्ष तथा व्यवस्थापकीय संचालकांनी एका कर्मचाऱ्याला सेवेतून काढले होते आणि त्याचे अपील ऐकणाऱ्या मंडळाच्या बैठकीतही ते सहभागी झाले होते. स्वतःच्याच आदेशाचा निवाडा कोणालाही करता येणार नाही, असे सांगून न्यायालयाने अपिलाचा निर्णय रद्द ठरविला. अपील ऐकण्यास दुसरे कोणीच नव्हते, हा बचावही टिकला नाही. मंडळाला त्यासाठी स्वतंत्र समिती नेमता आली असती.

त्याआधी १९८६ मध्ये एका रेल्वे कर्मचाऱ्याच्या प्रकरणात न्यायालयाने अपिलाच्या टप्प्यावर प्रत्यक्ष सुनावणी आणि सकारण आदेश यांचा आग्रह धरला होता. हे दोन्ही निकाल सरकारी क्षेत्रातील असले, तरी चौकशी अहवालाची प्रत शिक्षेपूर्वी कर्मचाऱ्याला मिळाली पाहिजे, हे तत्त्व घटनापीठाने १९९३ मध्ये सरकारी आणि बिगरसरकारी, सार्वजनिक आणि खासगी अशा सर्वच आस्थापनांना लागू केले. सहकारी संस्था त्याला अपवाद नाहीत.

दारे बंद, एकच उघडे

सहकारी संस्थेतील अधिकाऱ्याच्या दृष्टीने या अंतर्गत अपिलाचे महत्त्व सरकारी नोकरापेक्षाही अधिक आहे. त्याचे कारण कायद्याच्या रचनेत दडलेले आहे. महाराष्ट्र सहकारी संस्था अधिनियम १९६० च्या कलम ९१ खाली सहकार न्यायालयात दाद मागता येईल, असा समज दीर्घकाळ होता. तथापि, नोकरीतून काढण्यासंबंधीचा वाद या कलमाच्या कक्षेत येत नाही, असा निर्वाळा सर्वोच्च न्यायालयाने २०१७ मध्ये दिला. उच्च न्यायालयाची वाटही सोपी नाही. हिमाचल प्रदेशातील कांगडा मध्यवर्ती सहकारी बँकेच्या प्रकरणात २००६ मध्ये ही बँक घटनेच्या अनुच्छेद १२ नुसार 'राज्य' ठरत नाही, असा निर्णय झाला. त्यामुळे बहुतेक सहकारी संस्थांविरुद्ध सेवाविषयक रिट याचिका टिकविणे अवघड असते.

लिपिक, रोखपाल वा शिपाई यांना कामगार न्यायालयांचा आधार आहे. परंतु २१ नोव्हेंबर २०२५ पासून अमलात आलेल्या औद्योगिक संबंध संहितेनुसार व्यवस्थापकीय वा प्रशासकीय स्वरूपाचे काम करणारा, तसेच दरमहा १८ हजार रुपयांहून अधिक वेतन घेणारा पर्यवेक्षक 'कामगार' ठरत नाही. शाखाधिकारी आणि व्यवस्थापक हा वर्ग नेमका येथेच अडकतो. उरते दिवाणी न्यायालय. पण खासगी नोकरीचा करार सक्तीने चालू ठेवण्याचा हुकूम ते सहसा देत नाही. फार तर नुकसानभरपाई मिळते. अशा अधिकाऱ्याला नोकरी परत मिळवून देऊ शकेल असे खरेखुरे दार एकच, ते म्हणजे संस्थेतील अपील. तेच बंद असेल, तर बाकी सारे कागदावरच राहते.

शिस्त की सोय?

संचालकांची बाजूही दुर्लक्षून चालणार नाही. ठेवीदारांच्या पैशाला हात लावणाऱ्या कर्मचाऱ्यावर कारवाई करणे हे त्यांचे कर्तव्यच आहे, आणि त्यात दिरंगाई झाली तर दोष त्यांच्याच माथी येतो. नैसर्गिक न्याय ही दोषी व्यक्तीची ढाल नव्हे. अहवालाची प्रत न दिल्याने कर्मचाऱ्याचे खरोखर नुकसान झाले का, हे तपासावे आणि झाले असल्यास त्या टप्प्यापासून चौकशी पुढे नेण्याची मुभा संस्थेला असावी, असेही १९९३ च्या निकालात स्पष्ट केले आहे.

मात्र प्रक्रियेतील पळवाटा अखेरीस संस्थेलाच महागात पडतात. कामगार या व्याख्येत बसणाऱ्या कर्मचाऱ्याची बडतर्फी बेकायदा ठरली, तर पुनर्नियुक्तीबरोबर थकीत वेतन देणे हा सर्वसाधारण नियम असल्याचे सर्वोच्च न्यायालयाने २०१३ मध्ये म्हटले आहे. खटला वर्षानुवर्षे चालतो आणि हा भुर्दंड सभासदांच्या पैशातूनच भरला जातो.

यावरचा उपाय खर्चिक नाही आणि त्यासाठी नव्या कायद्याची वाट पाहण्याचेही कारण नाही. आरोपपत्र, चौकशी अथवा शिक्षा यांपैकी कशातही सहभाग नसलेल्या तीन संचालकांची अपील समिती नेमता येईल. मंडळ लहान असेल, तर बाहेरील निवृत्त न्यायिक अधिकाऱ्याची मदत घेता येईल. कर्मचाऱ्याला प्रत्यक्ष म्हणणे मांडू देणे, अपिलाच्या निकालासाठी मुदत ठरविणे आणि त्याच्या प्रत्येक मुद्द्याला लेखी उत्तर देणे एवढ्या तरतुदी सेवानियमांत पुरेशा आहेत.

सभासदांच्या समान हक्काची भाषा बोलणाऱ्या सहकाराने आपल्याच कर्मचाऱ्याला निःपक्ष सुनावणी नाकारावी, ही विसंगती आहे. येत्या वार्षिक सर्वसाधारण सभेत लाभांशाच्या टक्क्याबरोबरच सभासदांनी आणखी एक प्रश्न विचारायला हवा : आपल्या संस्थेत अपील ऐकतो कोण?