आधी शाहिराचं नाव छापा, मग शाल घाला

मागच्या आठवड्यात एक काकाजी घरी आले. वय सत्तरीच्या पुढं. बोरी अरबच्या आजूबाजूच्या गावांत यांच्या गायन पार्टीनं किती रात्री जागवल्या याची मोजदाद नाही. गाणं स्वतः लिहिणार, चाल स्वतः लावणार, पेटी स्वतः धरणार. गावच्या नाटकात सावकाराचं कामही हेच करायचे, आणि असं करायचे की बाया दुसऱ्या दिवशी विहिरीवर यांनाच शिव्या द्यायच्या.

काकाजी म्हणाले, "भाऊ, माह्या कार्यक्रमाचं एखांदं कात्रण हाये का तुमच्यापाशी? मानधनाच्या फाईलले लावाचं हाये."

मी म्हटलं, बसा काकाजी, आत्ता काढून देतो. जुन्या फायली काढल्या. तीन बातम्या सापडल्या. प्रमुख पाहुणे कोण, अध्यक्ष कोण, सूत्रसंचालन कोणी केलं, आभार कोणी मानले, सगळ्यांची नावं आहेत. शेवटच्या ओळीत लिहिलंय, "रात्री गायन पार्टीचा बहारदार कार्यक्रम झाला."

बस. नाव नाही.

आणि त्या तिन्ही बातम्या माझ्याच हातच्या आहेत. त्यामुळे आज जे लिहितोय त्यातला पहिला आरोपी मीच आहे. दुसरे आरोपी तुम्ही.

ज्यांना योजना माहीत नाही त्यांच्यासाठी सांगतो. राज्य सरकार वृद्ध साहित्यिक-कलावंतांना मानधन देतं. वयाची पन्नाशी ओलांडलेली पाहिजे, उत्पन्न कमी पाहिजे. २०२४ पासून ही रक्कम सरसकट महिन्याला ५००० रुपये झाली. जिल्ह्यातून वर्षाला १०० जणांची निवड होते. आपण कलावंत आहोत याचा पुरावा द्यावा लागतो. कात्रण, प्रमाणपत्र, पत्रिका. म्हणजे जन्मभर गायलात ते पुरेसं नाही, तुम्ही गायलात असं कोणीतरी छापलेलं पाहिजे. आणि छापणारे आम्ही पाहुण्यांची नावं मोजत बसलो होतो.

आता लोकशाहीर विठ्ठल उमपांचं बघा. १९३१ साली मुंबईत नायगावला जन्म. आंबेडकरी चळवळीच्या गाण्यांतून घडलेला माणूस. लिहायचे, चाली द्यायचे, गायचे. 'फू बाई फू' त्यांच्या आवाजात महाराष्ट्रभर गेलं. 'जांभूळ आख्यान'मध्ये ते रंगमंचावर उभे राहून द्रौपदीच्या मनातली कर्णाची ओढ गाऊन आणि करून दाखवायचे. म्हातारा पुरुष पदर घेतो आणि समोर द्रौपदी दिसते, याला अभिनय नाही म्हणायचं तर कशाला म्हणायचं? पार आयर्लंडला जाऊन गायले. 'टिंग्या' सिनेमात काम केलं. आणि २६ नोव्हेंबर २०१० ला नागपुरात दीक्षाभूमीवर, कार्यक्रम करता करता मंचावरच गेले. वय ७९.

उमपांचं नाव आज पुसता येत नाही, कारण त्यांचा आवाज रेकॉर्डवर आहे, चेहरा पडद्यावर आहे, कार्यक्रमांच्या बातम्या छापून आल्या आहेत. ते त्यांनी कष्टानं कमावलं, वाद नाही. पण गुण असूनही ज्याच्या वाट्याला ना कॅमेरा आला ना कंपनी, त्याचं काय? त्याची कारकीर्द फक्त ऐकणाऱ्यांच्या डोक्यात असते. ते ऐकणारे एकेक करून चालले आहेत.

दुसरं नाव आपल्या विदर्भातलं. वीरा साथीदार. नागपूरचे कार्यकर्ते, 'विद्रोही' मासिकाचे संपादक. चैतन्य ताम्हाणेंच्या 'कोर्ट' सिनेमात त्यांनी नारायण कांबळे या लोकशाहिराचं काम केलं. गाणी संभाजी भगत यांची. गोष्ट अशी की शाहिराचं गाणं ऐकून एका सफाई कामगारानं गटारात उतरून जीव दिला, असा आरोप ठेवून म्हाताऱ्या शाहिराला अटक होते आणि तारखांवर तारखा पडत राहतात. सिनेमा व्हेनिसच्या महोत्सवात गाजला, सर्वोत्कृष्ट चित्रपटाचा राष्ट्रीय पुरस्कार मिळाला, भारताकडून ऑस्करला गेला. १३ एप्रिल २०२१ ला, जयंतीच्या आदल्या दिवशी, कोरोनानं वीरा साथीदारांना नेलं.

त्या सिनेमातली एक गोष्ट माझ्या डोक्यातून जात नाही. त्यातल्या पोलिसांना आणि सरकारी वकिलाला शाहिराचा शब्द इतका जड वाटतो की ते त्याला तुरुंगात टाकतात. आणि आपण? आपण त्याचं नाव पत्रिकेवर टाकत नाही. भिणारा माणूस निदान ऐकतो तरी. आपण ऐकतही नाही.

आता कडू बोलतो. राग आला तर कमेंटमध्ये लिहा, पण वाचा पूर्ण.

शिवजयंती असो, भीमजयंती असो, गणपती असो की दुर्गादेवी, वर्गणीतला मोठा तुकडा कुठं जातो? डीजेला. ॲडव्हान्स दिल्याशिवाय गाडी हलत नाही. आणि गायन पार्टीला? "काकाजी, घरचाच कार्यक्रम आहे, समजून घ्या." मग एक नारळ, एक शाल, जाण्यायेण्याचा खर्च. ढोलकीवाल्याची मजुरी काकाजी स्वतःच्या खिशातून देतात. आणि आपण फेसबुकवर फोटो टाकतो, "शाहिरांचा सत्कार".

कोणी म्हणेल, पोरांना डीजेच पाहिजे. अरे, पण डीजेवर वाजतं काय? वामनदादा कर्डकांनी लिहिलेलं, कोण्या शाहिरानं बांधलेलं, त्यालाच ठोके लावून वाजवता ना? पोरांना गाणं नको असं नाही. पोरांना गाणारा माणूस समोर दिसलाच नाही, कारण आपण त्याला रात्री साडेनऊला माईक देतो आणि दहाला पोलीस बंद करायला येतात. त्याआधीचे चार तास भाषणं आणि हारतुरे.

मी डीजे बंद करा म्हणत नाही. माझ्या म्हणण्यानं बंद होणारही नाही. माझ्या मागण्या साध्या आहेत.

एक, प्रत्येक मंडळानं यंदा गावच्याच किंवा तालुक्यातल्या गायन पार्टीला संध्याकाळचा पूर्ण एक तास द्यावा. भाषणांच्या आधी.

दोन, पत्रिकेवर आणि बॅनरवर गायकाचं, पेटीवाल्याचं, ढोलकीवाल्याचं नाव टाकावं. बॅनरवर पंचवीस कार्यकर्त्यांचे फोटो मावतात, तर तीन नावंही मावतील.

तीन, बिदागी आधी ठरवावी, कार्यक्रम संपल्या संपल्या द्यावी, आणि मंडळाच्या लेटरहेडवर तारीख टाकून कार्यक्रम केल्याचं पत्र द्यावं. तो कागद उद्या कोणाच्या तरी म्हातारपणी कामी येतो.

चार, सगळ्यांच्या हातात मोबाईल आहे. पूर्ण गाणं रेकॉर्ड करा. आपला सेल्फी नंतर काढा.

माझ्यापुरतं सांगतो. यापुढं माझ्या बातमीत एखाद्या पाहुण्याचं नाव गळलं तरी चालेल, गाणाऱ्याचं गळणार नाही. पाहुण्यांनी फोन करून रागावावं, मी ऐकून घेईन.

काकाजींचं नाव इथं लिहिलं नाही, कारण त्यांनीच हात जोडले. "फाईल अटकन भाऊ, नोका लिहू." नाव छापायला पाहिजे होतं तेव्हा आम्ही छापलं नाही, आणि आज छापतो म्हटलं तर माणूस भितो. ही आपली कमाई.

जाताना त्यांनी ओसरीवर बसून दोन कडवी म्हटली. आवाज थोडा फाटला आहे, पण सुर जागेवर आहे. मी रेकॉर्ड केलं. माझ्याकडं त्यांचं पहिलं रेकॉर्डिंग, इतक्या वर्षांनंतर.

शेवटचं एक काम तुम्हा सगळ्यांना. घरातल्या पेटीत, माळ्यावर, अल्बममध्ये जुनी पत्रिका असेल, कार्यक्रमाचा फोटो असेल, कॅसेट असेल, ज्यात आपल्या भागातली कोणतीही गायन पार्टी आहे, तर फेकू नका. फोटो काढून मला पाठवा, नाहीतर घरी आणून द्या. तुमच्यासाठी ती रद्दी असेल. कोणाच्या तरी फाईलला तोच एक कागद कमी पडतो आहे.

जय भीम. जय शिवराय. आणि हो, शेअर करताना "अप्रतिम लेख" लिहू नका. माळ्यावर चढा.