पेरेवोलोच्नाची शरणागती : दोष एकट्या लेव्हेनहाउप्टचा?

१/ ११ जुलै १७०९. द्नीपर नदीकाठी, पेरेवोलोच्ना येथे स्वीडिश सैन्याने लढाई न करताच रशियन सेनानी मेन्शिकोव्हपुढे शस्त्रे ठेवली. स्वीडिश तळावर १४,००० हून अधिक माणसे होती. समोर रशियन सुमारे ९,०००. शरणागती पत्करणारा सेनापती आडाम लुडविग लेव्हेनहाउप्ट तेव्हापासून भीरू ठरला. हा निवाडा अर्धवट आहे.

२/ १६५९ मध्ये जन्मलेला लेव्हेनहाउप्ट विद्यापीठात शिकलेला होता; त्याला ‘लॅटिन कर्नल’ म्हणत. पण याच कर्नलने पुढे १७०५ मध्ये कुरलँडमधील गेमाउअर्टहोफ येथे शेरेमेतेव्हच्या अधिक मोठ्या रशियन सैन्याला हरवले. हे भित्र्याचे काम नव्हे.

३/ १७०८ मध्ये राजा बारावा चार्ल्स रशियावर चालून गेला. त्याच्यासाठी धान्य आणि दारूगोळा घेऊन लेव्हेनहाउप्ट सुमारे १२,५०० सैनिक व हजारो गाड्यांसह निघाला. वाटा चिखलाने भरलेल्या, ताफा रखडला. सप्टेंबरात राजाने त्याची वाट न पाहता दक्षिणेला, युक्रेनच्या दिशेने कूच केले. दोघांमध्ये काही दिवसांच्याच मजला उरल्या होत्या.

४/ नेमक्या त्या अंतरात झार पीटर शिरला. ९ ऑक्टोबरला लेस्नाया येथे दिवसभर झुंज झाली. रात्री गाड्या सोडून माघार घ्यावी लागली. राजापर्यंत पोहोचले जेमतेम निम्मे सैनिक, तेही रिकाम्या हातांनी. पुढच्या भीषण हिवाळ्यात हजारो स्वीडिश सैनिक गारठून मेले.

५/ ८ जुलै १७०९, पोल्टावा. राजाचा पाय जखमी, म्हणून सूत्रे फील्ड मार्शल रेनशोल्डकडे होती. पायदळ लेव्हेनहाउप्टच्या हाती होते, पण रेनशोल्डशी त्याचे पटत नसे आणि लढाईची संपूर्ण योजना त्याला सांगितलीच गेली नव्हती. सैन्याची धूळधाण झाली.

६/ तीन दिवसांनी राजा थोड्या लोकांनिशी द्नीपरपार गेला. थकलेले, खचलेले सैन्य मागे राहिले. लेव्हेनहाउप्टने कर्नलांकरवी सैनिकांना विचारले : लढाल का? इथे तो चुकला. सेनापतीने हुकूम द्यायचा असतो, कौल घ्यायचा नसतो. त्याहून जड दोष म्हणजे सोबतच्या झापोरोझियन कोसॅकांना या करारात संरक्षण मिळाले नाही. रशियनांच्या लेखी ते द्रोही होते. अनेकांना देहदंड झाला.

७/ चार्ल्सने सारा ठपका लेव्हेनहाउप्टवर ठेवला. १७१९ मध्ये तो मॉस्कोत कैदेतच वारला. आपली बाजू त्याने आठवणींत लिहून ठेवली. कोसॅकांच्या रक्ताचा जाब त्याला द्यावाच लागेल. पण सैन्य गमावल्याचा जाब आधी राजाला विचारला पाहिजे. शरणागती लेव्हेनहाउप्टने दिली. तिची वाट मात्र सप्टेंबर १७०८ मध्ये, रसद मागे टाकून दक्षिणेला वळणाऱ्या राजानेच आखली होती.