गोष्ट संपवण्याचा हक्क

मराठी घरात रोज रात्री सातपासून दहापर्यंत जे वाङ्मय वाचले जात नाही, पण पाहिले जाते, त्याचा लेखक कोण, हे त्या घरातल्या एकाही माणसाला सांगता येत नाही. नायिका परवा कोणत्या रंगाचा शालू नेसली होती ते सांगता येते. सासूच्या नथीत मोती किती तेही सांगता येते. पण ही सारी माणसे ज्याने बोलती केली त्याचे नाव विचारा, की सगळे एकमेकांच्या तोंडाकडे पाहू लागतात. नाव पडद्यावर येते, नाही असे नाही. पण ते येते नेमके त्या वेळी आमटीला फोडणी द्यायची असते. कादंबरीकाराचे नाव पुस्तकाच्या पाठीवर असते, नाटककाराचे जाहिरातीत असते. मालिकेचा लेखक मात्र सोनाराच्या दुकानातल्या कारागिरासारखा माडीवर बसलेला. दागिना सर्वांनी पाहावा, त्याला कोणी पाहू नये.

माझी तक्रार नावापुरती नाही. नाव आज नाही, उद्या मिळेल. लेखकाचा जो पहिला हक्क, आपली गोष्ट कुठे संपवायची ते ठरवण्याचा, तोच आपण या माणसाकडून काढून घेतला आहे, आणि वर पुन्हा विचारतो की मालिकांना काही अर्थ का नसतो म्हणून!

कुणी म्हणेल, मालिका म्हणजे मालिका, ती लांबायचीच. त्यात लेखकाची एवढी प्रतिष्ठा कुठली? त्यांच्यासाठी एक दूरचा दाखला देतो. डेन्मार्क नावाचा एक देश आहे. २०११ साली त्याची लोकसंख्या होती सुमारे ५५ लाख. त्याच वर्षीच्या जनगणनेत आमचा अमरावती जिल्हा २८ लाख ८८ हजारांचा आणि अकोला १८ लाख १३ हजारांचा. म्हणजे वऱ्हाडातले दोन जिल्हे एकत्र केले की ४७ लाख झाले, डेन्मार्कच्या जवळ जवळ गेलो. मराठी बोलणारे तर त्या जनगणनेप्रमाणे ८ कोटी ३० लाख. म्हणजे भाषा लहान, बाजार लहान, ही सबब त्यांनी सांगितली असती तर शोभली असती. ती सांगतो आपण.

त्या देशात लीसे नोर्गोर नावाची एक पत्रकार बाई होती. जन्म १९१७ चा. साठी उलटल्यावर, म्हणजे आपल्याकडे ज्या वयात बाईच्या हाती जपमाळ देतात त्या वयात, तिची ‘मॅटाडोर’ ही दूरदर्शन मालिका १९७८ साली सुरू झाली. हे नाव तिकडच्या व्यापाराच्या डावाचे; आपण ज्याला मोनोपॉली म्हणतो तोच खेळ. कथा अशी: कोर्सबेक नावाचे एक कल्पित लहान गाव. १९२९ साली एक फिरता विक्रेता आपल्या लहान मुलाला घेऊन तिथे येतो. गावातला जुना प्रतिष्ठित कापडवाला त्याचा अपमान करतो. हा गडी त्याच्याच समोर दुकान थाटतो! मग गावातली बँक, बँकेच्या मॅनेजरचे घराणे, त्यांच्या घरची मोलकरीण, डुकरांचा व्यापारी, मंदी, जर्मनांचा अंमल असे करत करत गोष्ट १९४७ पर्यंत येते. राजापेठेतल्या माणसाला ही गोष्ट समजावून सांगावी लागणार नाही. जुन्या पेढीसमोर नवे दुकान निघाले की दोन घराण्यांत तीन पिढ्या बोलणे बंद कसे होते, आणि तरी लग्नाचा बस्ता बांधायला माणसे दोन्हीकडे कशी डोकावतात, हे इथे शेंबड्या पोरालाही ठाऊक आहे.

या मालिकेचे भाग किती? चोवीस. १९७८ ते १९८२ या काळात मिळून चोवीस. मदतीला आणखी लेखक होते, पण गाव बाईंचे, माणसे बाईंची. पंचविसावा भाग कधीच निघाला नाही. मालिका पुन्हा पुन्हा दाखवली गेली आणि आजोबांनी पाहिलेली नातवांनी पाहिली. बाई २०२३ च्या पहिल्या दिवशी वयाच्या एकशे पाचव्या वर्षी वारल्या, तेव्हा ‘मॅटाडोर’च्या लेखिका म्हणूनच देशाने त्यांना निरोप दिला.

एवढ्यावर कुणी म्हणेल, तो जुना काळ होता. मग अलीकडचा ॲडम प्राइस घ्या. हा १९६७ चा, नटनटीच्या पोटी जन्मलेला, शिकला कायदा, वर्तमानपत्रात खाण्यापिण्यावर लिही, भावाबरोबर पडद्यावर स्वयंपाक करून दाखवी. २००६ साली त्याने एका पोलीसबाईवर मालिका रचली आणि २०१० साली आली ‘बोर्गन’. शब्दाचा अर्थ गढी. तिकडची लोकसभा ज्या राजवाड्यात भरते त्याचे लोकांनी पाडलेले नाव. देशाची पहिली स्त्री पंतप्रधान, तिची आघाडी, तिचा मोडत चाललेला संसार, ही गोष्ट. नवल असे की गोष्ट आधी आली आणि डेन्मार्कला खरोखरीची पहिली स्त्री पंतप्रधान नंतर, २०११ च्या ऑक्टोबरात, मिळाली. २०१३ पर्यंत तीन पर्वांत भाग झाले तीस, आणि प्राइसच्या जोडीला आणखी लेखक होते. तिथल्या सार्वजनिक प्रक्षेपण संस्थेने एक नियमच करून ठेवला आहे: मालिकेची दृष्टी एक, आणि ती लेखकाची. दिग्दर्शक बदलेल, कॅमेरेवाला बदलेल, गोष्ट काय आहे ते लेखकाला विचारायचे.

आता आपला हिशेब मांडू. आठवड्याला सहा भाग धरले तर वर्षाला तीनशे बारा. जाहिराती वजा जाता एक भाग बावीस मिनिटांचा समजा. एका वर्षाचे झाले ११४ तास. प्राइस आणि त्याच्या सोबत्यांनी त्या तीन पर्वांसाठी मिळून लिहिले तीस तासांच्या आतच. म्हणजे त्या साऱ्यांच्या सगळ्या कामाच्या जवळजवळ चौपट आपली एक मालिका एका वर्षात उपसते; आणि उपसणारा कोण, तर बहुधा कथा सांगणारा एक, पटकथा मांडणारा दुसरा आणि संवाद लिहिणारा तिसरा. तिघांच्या वर वाहिनी. दर आठवड्याला प्रेक्षकसंख्येचे आकडे येतात, आणि गेल्या महिन्यात ठरलेली गोष्ट त्या दिवशी दुपारी मोडते. नायिकेची आई चांगली निघाली होती, ती वाईट करा. मेला होता तो परत आणा. हे लेखन नव्हे. ही मोटेवरची बैलजोडी आहे, आणि विहिरीचे पाणी कुठल्या वाफ्यात जाते हे बैलाला कोणी विचारत नाही.

हे पहिल्यापासून असे नव्हते. मुंबई दूरदर्शन २ ऑक्टोबर १९७२ रोजी सुरू झाले. १९८४ साली आलेल्या ‘हम लोग’चे लेखक मनोहर श्याम जोशी होते, हे त्या काळी मनिऑर्डर वाटणाऱ्या पोस्टमनलाही माहीत होते. पुढे तेरा भागांची चाल पडली. तेरा आठवड्यांत गोष्ट उभी करायची आणि मिटवायची. बंधन होते, पण बंधनाला आकार होता. विजय तेंडुलकरांनी याच माध्यमासाठी ‘स्वयंसिद्धा’ लिहिली, कन्या प्रिया तेंडुलकर तिची नायिका होती. तेंडुलकरांसारख्या माणसाला तेव्हा पडदा कमीपणाचा वाटला नाही. १९९९ नंतर खाजगी मराठी वाहिन्या आल्या, गोष्ट रोजची झाली, आणि रोजची झाली म्हणून शेवट उडाला.

तेंडुलकरांचे नाव निघाले म्हणून सांगतो. ‘बोर्गन’चे कौतुक ऐकले की आपले लोक म्हणतात, राजकारणावर असे आपल्याकडे कोण लिहिणार? अहो, लिहून ठेवले आहे! आणि लिहिणारा आमच्याच जिल्ह्यातल्या परतवाड्याला जन्मलेला. अरुण साधू. त्यांच्या ‘मुंबई दिनांक’ आणि ‘सिंहासन’ या दोन कादंबऱ्यांवरून तेंडुलकरांनी पटकथा रचली आणि १९७९ साली जब्बार पटेलांनी ‘सिंहासन’ चित्रपट केला. डेन्मार्कच्या गढीच्या एकतीस वर्षे आधी मराठीत मंत्रालयाच्या जिन्यावरची कुजबुज पडद्यावर आली होती. शेवटी पत्रकार दिगू टिपणीसाचे जे होते ते पाहून माणूस सुन्न होऊन खुर्चीवरून उठतो. आज हीच गोष्ट रोजच्या मालिकेत बसवा. दिगू टिपणीस दुसऱ्या आठवड्यात बरा होईल. सहाव्या महिन्यात त्याचा जुळा भाऊ निघेल. आणि मुख्यमंत्र्यांच्या घरी मंगळागौर होईल ती सलग पाच दिवस.

माणसे गुणी नाहीत असे नव्हे. ‘माझ्या नवऱ्याची बायको’ आठवा. लेखक अभिजित गुरु. तोवर पडद्यावर आमची बोली बोलायची ती मोलकरणीने, नाहीतर हसवायला आणलेल्या गड्याने. या मालिकेने नागपूरकडच्या राधिकेला आमच्या मुलखाची बोली देऊन थेट नायिकेच्या पाटावर बसवले. फसवणाऱ्या नवऱ्यापुढे रडत न बसता मसाल्याचा धंदा उभा करणारी ही बाई, तिचे ‘काहून’ आणि ‘मले’ ऐकून राजापेठेतल्या घरांतून बायका मान डोलवत. किती नेमकी गोष्ट! चाळीस भागांत ती सांगितली असती तर वऱ्हाडातल्या मुलींनी जन्मभर उरी बाळगली असती. ती चालली ऑगस्ट २०१६ पासून मार्च २०२१ पर्यंत. दरम्यान शनायाचा चेहरा एकदा बदलला आणि पुन्हा पहिला आला. मला खात्री आहे की ही साडेचार वर्षे लेखकाने स्वतःहून मागितली नसतील.

उद्धव शेळक्यांची आठवण इथे झाल्यावाचून राहत नाही. अमरावतीत राहून केवळ लेखणीवर जगायचे, हा हट्ट त्यांनी धरला. १९६० साली ‘धग’ लिहिली. त्या कौतिकने मराठी कादंबरीला वऱ्हाडी कष्टकरी बाई दिली. आणि मग पोटासाठी त्यांना ढिगाने कादंबऱ्या लिहाव्या लागल्या. आज नाव निघते ते ‘धग’चे. पण शेळक्यांना निदान ‘धग’ संपवता तरी आली. शेवटचे पान त्यांचे होते. आजच्या मालिकालेखकाला ढीग मिळतो आणि ‘धग’ मात्र मिळत नाही.

यावर वाहिनीवाल्यांचे ठरलेले उत्तर: लोकांना हेच हवे. लोकांना म्हणजे कुणाला? आमच्या राजापेठेतल्या एक काकू, सत्तरीच्या, रोज तीन मालिका पाहतात. त्यांनाच विचारले. त्या म्हणाल्या, “काहो भाऊ, थे पयली पोरगी कुठीसा गेली? कहाणीतून काढली का मेली? कोनी काही सांगतच नाही नं! पाहून रायलो आपलं, जेवता जेवता.” हा झाला लोकमताचा कौल. ताटात दुसरे काही वाढले नाही, म्हणून वाढलेले खाल्ले. त्यावरून आवड ठरवायची असेल तर उपासाच्या दिवशी साऱ्या महाराष्ट्राला भगर आवडते असे जाहीर करून टाका.

दुसरे उत्तर पैशाचे. डेन्मार्कात लोकांच्या पैशावर संस्था चालते, आमची जाहिरातीवर. कबूल. पण दूरदर्शन तर अजून आपल्याच पैशावर उभे आहे! सह्याद्री वाहिनीने वर्षाला एक, फक्त एकच, चोवीस भागांची गोष्ट एका लेखकाच्या स्वाधीन करावी आणि शेवट होईपर्यंत त्याच्याकडे फिरकू नये. याला किती खजिना लागतो? आणि खाजगी वाहिन्यांनी करारात एवढी एकच ओळ घालावी, की भागांची संख्या आधी ठरेल आणि ती लेखकाच्या संमतीशिवाय वाढणार नाही. २०१२ साली संसदेने कॉपीराइटचा कायदा दुरुस्त करून चित्रपटासाठी लिहिणाऱ्यांचा रॉयल्टीतला वाटा काढून घेता येऊ नये अशी सोय केली. संसदेला पैशाचा हक्क दिसला, शेवटाचा दिसला नाही. अमेरिकेतले पटकथालेखक २०२३ साली १४८ दिवस लेखणी खाली ठेवून बसले. आपले बसत नाहीत, कारण उद्याचा भाग आज रात्री द्यायचा असतो.

दिवाळीत राजापेठेतून हिंडताना कापडाच्या दुकानांवर पिढ्यान्‌पिढ्यांच्या पाट्या दिसतात. एकीवर ‘बंधू’ असते; शेजारच्या पाटीवर तेच आडनाव, पण ‘बंधू’ पुसलेले. त्या पुसलेल्या शब्दामागे कापसाची मंदी आहे, वाटणीचा दावा आहे, माहेरी परत आलेली एक आत्या आहे. कोर्सबेक कल्पनेने रचावे लागले, हे गाव रचलेलेच आहे. ते लिहू शकणारी मुलगी किंवा मुलगा कदाचित याच क्षणी अमरावतीहून रात्रीच्या मुंबई गाडीत बसला असेल. तिथे पोचल्यावर त्याला पहिला प्रश्न विचारला जाईल, “रोज किती सीन देऊ शकाल?” चोविसाव्या भागात काय होते, हे त्याला विचारणारा एक तरी माणूस त्या खोलीत असावा, एवढीच माझी मागणी आहे.