टक्का कुणाचा, हक कुणाचा?

गेल्या महिन्यात एका रविवारी असरनंतर आमचा एक जुना विद्यार्थी घरी आला. सोबत त्याची अम्मी होती आणि हातात प्लास्टिकची फाइल. सातवीत असताना त्याचे अक्षर इतके वळणदार होते की फळ्यावरचा सुविचार रोज त्यालाच लिहायला सांगायचो. बारावीनंतर घरच्या ओढाताणीमुळे तो चाकणच्या एका प्रेस शॉपमध्ये लागला. एका रात्रपाळीत पॉवर प्रेसखाली उजव्या हाताची दोन बोटे गेली, तर्जनी आणि मधले. त्यानंतर त्याने बाहेरून बी.ए. केले. आता त्याला बी.एड. करायचे आहे, शिक्षक व्हायचे आहे.

आपल्या भागात असे हात नवे नाहीत. टपरीवर चहाचा ग्लास धरणारी चार माणसे नीट पाहा, एखाद्याचे बोट कमी दिसतेच. पण त्या हाताची किंमत कागदावर किती, हा प्रश्न त्या दिवशी पहिल्यांदाच आमच्या दारात आला.

फाइलमध्ये दिव्यांग प्रमाणपत्र होते. बोर्डाने लिहिलेला टक्का चाळीसच्या बराच खाली होता. त्याच्या अम्मीने आवाज हळू केला. "सर, नात्यातल्या एकाची ओळख आहे. थोडे पैसे दिले तर चाळीस करून देतो म्हणतो. लेकराची बोटं तर खरीच गेलीत ना? मग यात खोटं काय?"

आम्ही लगेच उत्तर देऊ शकलो नाही. प्रश्न लबाडाचा नव्हता, थकलेल्या आईचा होता. म्हणूनच त्याचे उत्तर आपण सगळ्यांनी मिळून शोधायला हवे असे वाटले.

आधी कायदा पाहू. दिव्यांग व्यक्ती हक्क कायदा 2016 साली झाला. त्यात एकवीस प्रकारची दिव्यांगता मानली आहे. आरक्षणासाठी अट आहे किमान 40 टक्के दिव्यांगत्वाची. सरकारी नोकरीत निदान 4 टक्के जागा आणि सरकारी वा अनुदानित उच्च शिक्षण संस्थांत निदान 5 टक्के जागा त्यांच्यासाठी राखायच्या आहेत. म्हणजे शंभर जागांतल्या चार. त्या चारही एकत्र नसतात. अंध व अल्पदृष्टी असणाऱ्यांना एक, कर्णबधिरांना एक, हातापायाच्या दिव्यांगत्वाला एक, आणि उरलेली एक स्वमग्नता, बौद्धिक दिव्यांगत्व, मानसिक आजार आणि बहुदिव्यांगत्व अशा गटांना मिळून.

आता हिशेब करा. हातापायाच्या गटात शंभरात एकच जागा. खोट्या चाळीसवर कुणी ती घेतली, तर ती सरकारच्या खिशातून जात नाही. ती कुठल्यातरी गावातल्या अशा मुलाच्या ताटातून जाते, ज्याचा अख्खा हात गेला आहे. आपल्या घरांत ज्याला आपण हक मारणे म्हणतो, ते हेच. ज्याचा हक मारला तो कोण, हे मारणाऱ्याला कधीच कळत नाही, म्हणून ते सोपे वाटते.

2024 साली पूजा खेडकर प्रकरण देशभर गाजले, ते आपल्याला विसरता येणार नाही, कारण त्याचा एक धागा आपल्या शेजारचा आहे. तिच्या प्रमाणपत्रांपैकी एक पिंपरीच्या यशवंतराव चव्हाण स्मृती रुग्णालयाने 2022 मध्ये दिलेले होते. डाव्या गुडघ्याचे दिव्यांगत्व, 7 टक्के. त्यावरचा पत्ता तळवड्याचा होता आणि तो घराचा नसून एका कंपनीच्या जागेचा निघाला. 7 टक्क्यांवर कुठलेही आरक्षण मिळत नाही. दृष्टिदोष आणि मानसिक आजाराची प्रमाणपत्रे अहमदनगरहून घेतलेली होती. 31 जुलै 2024 रोजी लोकसेवा आयोगाने तिची उमेदवारी रद्द केली आणि सप्टेंबरमध्ये केंद्र सरकारने तिला सेवेतून काढले. तिने आरोप नाकारले आहेत. खरे-खोटे न्यायालय ठरवील. पण त्या काळात गावोगावच्या खऱ्या दिव्यांगांनी काय सोसले, ते कुठल्याच निकालात येणार नाही.

आम्हा शिक्षकांनीही दुसऱ्याकडे बोट दाखवू नये. जिल्हा परिषदेच्या बदल्यांमध्ये दिव्यांग शिक्षकाला प्राधान्य असते, सोयीची शाळा मिळते. 2023 मध्ये बीड जिल्हा परिषदेने प्रमाणपत्रांची फेरतपासणी करून घेतली, तेव्हा टक्का जुळला नाही म्हणून पन्नासच्या वर शिक्षकांवर निलंबनाची वेळ आली. आदल्या दिवशी वर्गात "कॉपी करू नका" असे सांगणारे हेच लोक होते. कायद्याच्या कलम 91 प्रमाणे दिव्यांगांची सवलत लबाडीने घेतली तर दोन वर्षांपर्यंत कैद, एक लाखापर्यंत दंड किंवा दोन्ही होऊ शकते. पण आमच्या मते मोठी शिक्षा ती नाही. मुलांसमोर उभे राहताना स्वतःची नजर खाली जाते, ती मोठी.

याची दुसरी बाजूही आहे. अशा बातम्या आल्या की लोक प्रत्येक दिव्यांगाकडे संशयाने पाहू लागतात. ज्याला कमी ऐकू येते, ज्याची नजर अधू आहे, ज्याला मनाचा आजार आहे, त्याचे दुखणे बाहेरून दिसत नाही. "चांगला तर चालतोय, कसला दिव्यांग?" हे वाक्य आम्ही स्टाफरूममध्ये ऐकले आहे. तपासणी करायचे काम वैद्यकीय मंडळाचे आहे, शेजाऱ्याचे नाही.

आणि टक्का हेच सर्वस्व नाही, असे आता न्यायालयही म्हणते. महाराष्ट्रातल्याच एका विद्यार्थ्याला बोलण्याचे दिव्यांगत्व 40 टक्क्यांहून जास्त होते, म्हणून एम.बी.बी.एस.ला अपात्र ठरवले गेले. पेच पाहा! चाळीसच्या खाली असता तर कोटा नाही, आणि वर असल्यामुळे प्रवेश नाही. ऑक्टोबर 2024 मध्ये सर्वोच्च न्यायालयाने सांगितले की नुसत्या आकड्यावरून कुणाला बाहेर काढता येणार नाही; हा अभ्यासक्रम त्याला झेपेल का, हे मंडळाने तपासले पाहिजे. मार्च 2025 मध्ये त्याच न्यायालयाने अंध उमेदवारांना न्यायाधीशपदापासून दूर ठेवता येणार नाही असे ठरवले. आपल्याला हे ऐकून नवल वाटू नये. हजरत अब्दुल्लाह इब्न उम्मे मक्तूम डोळ्यांनी अंध होते, तरी मदिनेत अजान देण्याची जबाबदारी त्यांच्याकडे होती.

मग आमच्या विद्यार्थ्याचे काय? चाळीसच्या खालच्याला काहीच नाही, असे नाही. त्याचे ओळखपत्र पांढरे येते. चाळीस ते ऐंशीच्या आतल्यांचे पिवळे आणि ऐंशीपासून पुढे निळे. पांढऱ्या कार्डावर राखीव जागा नाही, पण लिहिण्यात खरी अडचण असेल तर लेखनिक किंवा जादा वेळ मागता येतो. 2021 मध्ये सर्वोच्च न्यायालयाने तसा निकाल दिला आणि 10 ऑगस्ट 2022 रोजी केंद्र सरकारने 40 टक्क्यांहून कमी असणाऱ्यांसाठी वेगळी मार्गदर्शक सूचना काढली. दर तासाला निदान वीस मिनिटे जास्त. त्यासाठी लिहिण्यात अडचण असल्याचे वैद्यकीय प्रमाणपत्र ठरलेल्या नमुन्यात लागते. बोर्डाचा टक्काच चुकीचा वाटत असेल तर कलम 59 प्रमाणे अपील करता येते. हा सरळ रस्ता आहे. त्यावर खेटे पडतात, पण रात्री झोप लागते.

एक विनंती विशेषतः मुलींच्या आईवडिलांना. मुलीला कमी ऐकू येते, पायात दोष आहे, हे रिश्त्याच्या काळजीने आपण लपवतो. प्रमाणपत्र काढत नाही, ओळखपत्र काढत नाही. मग खरा हक असलेली मुलगी कोट्याच्या रांगेत दिसतच नाही, आणि तिच्या जागी खोटा कागद घेऊन दुसरा उभा राहतो. दुसऱ्याचा हक मारणे जसे चूक, तसे आपल्याच लेकीचा हक पेटीत बंद करून ठेवणेही चूकच.

आम्ही त्याच्या अम्मीला एवढेच म्हणालो, "बोटं खरी गेलीत, पण चाळीस खरे नाहीत. त्याने उद्या शिक्षक होऊन मुलांच्या वह्यांवर सही करायची आहे. पहिला कागदच खोटा नको." ती काही बोलली नाही. चहा थंड झाला होता, तो तिने तसाच संपवला.

परवा तो पुन्हा भेटला. ओळखीच्या माणसाकडे गेला नाही म्हणाला. बी.एड.ची सीईटी संगणकावर असते, माउस डाव्या हाताने चालवायची सवय त्याने केली आहे. पुढच्या लेखी परीक्षांसाठी जादा वेळेचा अर्ज कसा करायचा, तो नमुना आम्ही त्याला काढून दिला. प्रवेश मिळेल की नाही, ते अल्लाह जाणे. जाताना त्याने वहीत डाव्या हाताने लिहिलेली एक ओळ दाखवली. अक्षर अजून वाकडे आहे, पण ओळ सरळ जाते.